हजेरीपटावरचे नाव

मुंबई–आग्रा महामार्गाने नाशिकहून उत्तरेस निघालेला प्रवासी साठ-पासष्ट किलोमीटरांवर चांदवडास येऊन पोहोचला, म्हणजे त्याची दृष्टी साहजिकच डोंगराच्या कुशीतील रेणुकामातेच्या देवळाकडे आणि होळकरशाहीचे वैभव सांगणाऱ्या रंगमहालाकडे जाते. परंतु या तालुक्यातील डांबरी सडकांच्या कडेचे चर कोणी उपसले, दरसवाडीच्या धरणाकडे येणाऱ्या कालव्यातील गाळ कोणी काढला, उघड्या डोंगरांवर लावावयाची रोपे पिशव्यांत माती भरून कोणी वाढविली आणि पहाटे गावाच्या गल्ल्या कोणी झाडल्या, हा प्रश्न त्याच्या मनात क्वचितच येतो. ही कामे करणारी माणसे बहुधा याच तालुक्यातील कोरडवाहू शेतकऱ्यांच्या नाहीतर भूमिहीनांच्या घरची असतात, त्यांत बायकांची संख्या पुष्कळ असते, आणि त्यांची नावे सरकारी दफ्तरात शोधू गेल्यास ती सेवापुस्तकात सापडत नाहीत; ती हजेरीपटावर, म्हणजे लोक ज्याला ‘मस्टर’ म्हणतात त्या कागदावर सापडतात.

रोजंदारी या शब्दाचा सरळ अर्थ असा की दिवस उजाडला म्हणजे चाकरी सुरू झाली आणि दिवस मावळला म्हणजे ती संपली. आणि दुर्दैवाची गोष्ट अशी की कित्येक कचेऱ्यांनी शब्दाचा हा अर्थच कायद्याचा अर्थ म्हणून धरला. पाच, दहा, पंधरा वर्षे एकाच खात्यात राबलेल्या माणसास एखाद्या सायंकाळी मुकादम सांगतो, ‘उद्यापासून येऊ नका,’ आणि तेवढ्यावर प्रकरण मिटले असे मानले जाते. लेखी हुकूम नाही, कारण नाही, तारीख नाही. तो माणूसही घरी जाऊन म्हणतो, ‘आपण कायम नव्हतो, मग दाद कोणाकडे मागायची?’ या लेखनाचा सारा हेतू त्याच्या या एका प्रश्नाचे उत्तर देणे हा आहे. कारण त्याच्या बोलण्यात दोन निराळ्या गोष्टींची गल्लत झालेली असते. नोकरी कायम करून मिळण्याचा हक्क ही एक गोष्ट आणि कायद्याने घातलेल्या अटी पाळल्यावाचून कामावरून न काढले जाण्याचा हक्क ही दुसरी गोष्ट. पहिला हक्क दुर्लभ आहे आणि अलीकडच्या काळात तो अधिकच दुर्लभ झाला. दुसरा मात्र कायम नसलेल्या माणसासाठीच मुख्यतः निर्माण झालेला आहे, आणि तो अद्याप शाबूत आहे.

हा दुसरा हक्क सरकारी चाकरीत कसा रुजला, याची हकीकत महाराष्ट्रातलीच आहे. मुंबईच्या जे. जे. रुग्णालय समूहातील दोन वॉर्ड-सेविकांस त्यांची सेवा संपल्याची नोटीस मिळाली आणि त्यांच्या जागी नागरी पुरवठा खात्यातून कमी झालेल्या सरकारी नोकरांस घेण्यात आले. औद्योगिक विवाद अधिनियम, १९४७ मध्ये कामगारकपातीसाठी जी भरपाई सांगितली होती ती त्यांस देण्यात आली नव्हती. हॉस्पिटल मजदूर सभेने उच्च न्यायालयात धाव घेतली, तेव्हा मुंबई राज्याच्या वतीने सांगण्यात आले की रुग्णालय हा काही कारखाना नव्हे, ते लोककल्याणाचे कार्य आहे, आणि म्हणून कारखान्यांचा कायदा त्यास लागू पडत नाही. हे प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले आणि २९ जानेवारी १९६० रोजी न्यायमूर्ती गजेंद्रगडकर यांनी जो निकाल दिला त्यात सरकारी रुग्णालय हेही या अधिनियमाच्या अर्थाने ‘उद्योग’ होय असे ठरविले आणि अटी न पाळता केलेली ती कपात बेकायदा ठरली. गजेंद्रगडकर हे साताऱ्याचे, संस्कृत विद्येच्या परंपरेत वाढलेले. पुढे ते देशाचे सरन्यायाधीश झाले. सामान्य वॉर्ड-सेविकेच्या महिन्याभराच्या पगाराच्या प्रश्नावर राज्यसत्तेस उत्तर द्यावयास लावणारा हा निकाल त्यांच्या कीर्तीच्या मोठ्या निकालांइतकाच थोर आहे, असे मला वाटते. १९७० साली सर्वोच्च न्यायालयाने ही भूमिका सोडली. पण १९७८ साली बंगलोर पाणीपुरवठा मंडळाच्या खटल्यात सात न्यायमूर्तींच्या पीठाने न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांच्या लेखणीने तिला पुन्हा, आणि पूर्वीपेक्षा अधिक व्यापक, अधिष्ठान दिले.

आता या हक्काचे स्वरूप पाहू. कायद्याच्या भाषेत कोणत्याही कारणास्तव मालकाने कामगाराची सेवा संपविणे याला ‘कपात’ म्हणतात. शिस्तभंगाची शिक्षा, स्वेच्छानिवृत्ती, वयोमर्यादा यांसारखे थोडे अपवाद सोडले तर, कारण कोणते आणि शब्द कोणता वापरला यास महत्त्व नाही, हे १९९० साली घटनापीठाने निःसंदिग्धपणे ठरविले. ‘नाव मस्टरवरून कमी केले’, ‘काम संपले’, ‘ब्रेक दिला’ असे शब्द कचेरीत रूढ आहेत. पण हजेरीपटावरून नाव खोडणे हीदेखील कपातच होय, असे रेल्वेच्या एका हंगामी कामगाराच्या प्रकरणात १९८२ सालीच म्हटले गेले आहे. मात्र १९८४ च्या दुरुस्तीने एक मोठा अपवाद त्यात घुसला. ठरावीक मुदतीच्या कराराने नेमलेल्या माणसाची मुदत संपली आणि करार पुढे चालविला नाही, तर ती कपात नव्हे. म्हणून नेमणुकीच्या कागदावर सही करण्यापूर्वी त्यात मुदत लिहिली आहे काय, हे पाहणे अगत्याचे आहे. कारण अनेकदा तो कागद पुढे करताना त्याचा अर्थ कोणी सांगत नाही.

कपातीपासून संरक्षण मिळण्याची अट एकच आणि ती मोजण्याजोगी आहे: काढल्याच्या तारखेपासून मागे मोजलेल्या बारा महिन्यांत २४० दिवस काम झालेले असावे. येथे पुष्कळांची फसगत होते. जानेवारी ते डिसेंबर असे वर्ष धरावयाचे नसते, तर कामावरून काढले त्या दिवसापासून मागे जावयाचे असते. आणि रविवार व पगारी सुट्या त्या दिवसांत धराव्या लागतात, हे सर्वोच्च न्यायालयाने १९८५ साली सांगितले आहे. दर तीन महिन्यांनी चार-आठ दिवसांचा खंड पाडून पुन्हा त्याच माणसास त्याच कामावर घेण्याची जी चाल आहे, तिचा उद्देश हा आकडा गाठू न देणे हाच असतो, आणि हा उद्देश ओळखण्यास न्यायालयास फार सायास पडत नाहीत.

२४० दिवस भरले म्हणजे मालकावर, मग तो मालक सार्वजनिक बांधकाम खाते असो की नगरपरिषद, तीन बंधने येतात. एक महिन्याची लेखी, सकारण नोटीस किंवा तिच्या बदली एक महिन्याचे वेतन. प्रत्येक पूर्ण वर्षामागे पंधरा दिवसांचे सरासरी वेतन, आणि सहा महिन्यांपेक्षा अधिक असलेला उरलेला काळ पूर्ण वर्ष धरावयाचा. आणि शासनास विहित रीतीने सूचना. समजा, रोपवाटिकेत एखादी बाई ८ वर्षे ७ महिने सातत्याने राबली आणि तिचा रोज ४०० रुपये होता. पंधरा दिवसांचे ६,००० रुपये होतात, वर्षे नऊ धरली जातात, म्हणजे भरपाई ५४,००० रुपये. शिवाय महिन्याचे नोटीस-वेतन निराळे. ही रक्कम ‘मागाहून बिल काढू’ असे सांगून टाळता येत नाही. ती काढतेवेळीच हातात पडली पाहिजे. न पडल्यास कपातच रद्दबातल ठरते आणि कायद्याच्या दृष्टीने ती बाई कामावरच असल्यासारखी होते. याखेरीज शेवटी आलेल्यास प्रथम काढावे हा नियम आहे, आणि पुढे त्याच कामासाठी माणसे घ्यावयाची झाली तर काढलेल्यांस आधी बोलवावे असाही. म्हणून आपल्या मागून आलेला कोण कामावर राहिला, हे ज्याने लिहून ठेवले त्याची बाजू बळकट होते.

उपदानाची, म्हणजे ग्रॅच्युइटीची, गोष्ट याहून वेगळी. त्याचा कायदा २०२५ पर्यंत १९७२ चा होता. पाच वर्षांची अखंड सेवा झालेल्यास दर वर्षामागे पंधरा दिवसांचे वेतन त्याने मिळे. रोजंदारीची वर्षे उपदानासाठी धरता येत नाहीत असे छत्तीसगड शासनाने २२ वर्षे रोजंदारीवर आणि शेवटची ३ वर्षे नियमित राहिलेल्या एका कर्मचाऱ्यास सांगितले होते. सर्वोच्च न्यायालयाने २०१८ साली ते साफ नाकारले आणि सारी वर्षे धरावयास लावली.

आता सर्वांत अवघड जागेकडे येऊ: पुरावा. २४० दिवस काम केले हे सिद्ध करण्याचा भार कामगारावर आहे, आणि नुसत्या प्रतिज्ञापत्राने तो उतरत नाही, असे २००२ साली कर्नाटकातील वनखात्याच्या एका प्रकरणात ठरले. हजेरीपट खात्याच्या कपाटात, वेतनाच्या पावत्या खात्याच्या फडताळात, आणि सिद्ध करावयाचे मात्र ज्याच्याजवळ एक चिठ्ठीही नाही त्या माणसाने! हा अन्याय पुढे न्यायालयाच्याच ध्यानात आला. कामगाराने शपथेवर साक्ष दिली, हजेरीपट हजर करावा असा रीतसर अर्ज केला आणि तरी खात्याने तो दडविला, तर तो हजर केला असता तो खात्याविरुद्धच गेला असता असे अनुमान काढता येते, ही दिशा पुढच्या निकालांनी दाखविली. तेव्हा हजेरीपट मागविण्याचा अर्ज हा या प्रकारच्या खटल्याचा प्राण आहे. माहितीचा अधिकार अधिनियम, २००५ याच्याखाली तोच कागद खटल्याआधीही मागता येतो, आणि तीस दिवसांत उत्तर देणे कचेरीवर बंधनकारक असते. ओळखपत्र, बँकेच्या पासबुकातील जमा, कामावर मिळालेली एखादी हजेरीची चिठ्ठी, अपघातानंतर दवाखान्यात लिहिलेली मालकाची नोंद, असा लहानसा कागददेखील जपून ठेवावा.

हजेरी मांडणाऱ्यांचीच एक कथा येथे आठवते. रोजगार हमीच्या कामांवर मजुरांची हजेरी लिहिण्यासाठी महाराष्ट्रभर ‘हजेरी सहाय्यक’ नेमले गेले. हजारो मजुरांचे दिवस मोजणाऱ्या या माणसांच्या स्वतःच्या दिवसांचे काय, हा प्रश्न वर्षानुवर्षे लोंबकळत राहिला. अखेर संघटनांचा रेटा आणि न्यायालयातील झगडा यांमुळे ३१ मे १९९३ रोजी सेवेत असलेल्या हजेरी सहाय्यकांस टप्प्याटप्प्याने शासकीय पदांवर सामावून घेण्याची योजना शासनास १९९५ साली करावी लागली.

रोजगार हमीचा उल्लेख आला म्हणून एक भेद स्पष्ट केला पाहिजे, कारण चांदवडसारख्या अवर्षणप्रवण तालुक्यात तो नेहमी उपस्थित होतो. रोजगार हमीचा महाराष्ट्राचा अधिनियम १९७७ चा, आणि तो २६ जानेवारी १९७९ पासून अमलात आला. त्याने दिलेला हक्क काम मागण्याचा आहे, एका खात्यात टिकून राहण्याचा नव्हे. जवाहर रोजगार योजनेखाली दिल्लीत बागकामास घेतलेल्या मजुरांनी नियमित होण्याची मागणी केली, तेव्हा न्यायमूर्ती पी. बी. सावंत यांनी १९९२ साली ती फेटाळली. दारिद्र्यनिवारणाच्या अशा योजनांचा लाभ अधिकाधिक गरजूंस मिळावयाचा असतो आणि त्यातून कायम नोकरीची वाट काढू दिली तर योजनाच बंद पडतील, असा त्यांचा विचार होता. विचार म्हणून तो समजण्याजोगा आहे. परंतु खात्याचे नित्याचे काम करणाऱ्या मजुराचे नाव सोयीसाठी कधी योजनेच्या तर कधी खात्याच्या हजेरीपटावर चढविले जाते, तेव्हा मजुरास ते कळतही नाही. म्हणून पगार कोणत्या शीर्षाखाली निघतो, हे विचारून ठेवावे.

वनमजुरांच्या बाबतीत तर महाराष्ट्राने देशास एक महत्त्वाचा निकाल दिला. पुण्याच्या पाचगाव-पर्वतीच्या टेकड्यांवर व अहमदनगर जिल्ह्यात वनखात्याने सामाजिक वनीकरणाच्या कामांवर ठेवलेल्या रोजंदारी मजुरांनी तक्रार केली की पाच-सहा वर्षे आम्हांस तात्पुरते म्हणून राबविले जात आहे. राज्याने म्हटले, वनरक्षण हे सार्वभौम कार्य आहे. सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर १९९५ मध्ये ते मानले नाही: उद्यान उभारणे, झाडे लावणे हे काम खासगी माणूसही करू शकतो, त्यात सार्वभौमत्व कसले? आणि पाच-सहा वर्षे तात्पुरते ठेवण्यामागचा हेतू कायमपणाचे लाभ नाकारणे हाच होय, हे अनुमान त्या दीर्घ काळावरूनच निघते. या निकालापाठोपाठ ३१ जानेवारी १९९६ रोजी शासनाने निर्णय काढून, नोव्हेंबर १९८९ ते ऑक्टोबर १९९४ या पाच वर्षांत दरवर्षी किमान २४० दिवस काम केलेल्या वनमजुरांस नियमित केले. पुढील काळातील मजुरांसाठी असाच निर्णय १६ ऑक्टोबर २०१२ रोजी झाला. बांधकाम व पाटबंधारे खात्यांत त्यापूर्वीच, १९६७ च्या कालेलकर निवाड्याने, पाच वर्षे सलग काम केलेल्या रोजंदारीवाल्यास ‘रूपांतरित नियमित अस्थायी आस्थापने’वर घेण्याची वाट उघडली होती. त्या आस्थापनेचे नाव जितके लांब, तितकीच तीवर चढण्यासाठी मजुरांनी केलेली प्रतीक्षाही लांब होती.

वनमजुरांची ती तक्रार ज्या कायद्याच्या आधारे झाली तो महाराष्ट्राचा १९७१ चा कामगार संघटनांस मान्यता व अनुचित कामगार प्रथांस प्रतिबंध करणारा अधिनियम. त्याच्या चौथ्या अनुसूचीतील पहिली बाब खोट्या कारणाने किंवा सूडबुद्धीने कामावरून काढण्याविषयी आहे, आणि तिची तक्रार कामगार न्यायालयात होते. सहावी बाब माणसांस वर्षानुवर्षे बदली, हंगामी वा तात्पुरते ठेवून कायमपणापासून वंचित करण्याविषयी आहे, आणि तिची तक्रार औद्योगिक न्यायालयात होते. मुदत नव्वद दिवसांची. खटला चालू असता अंतरिम आदेश देण्याचा अधिकारही या न्यायालयांस आहे. म्हणून बरतर्फीची चाहूल लागताच गेलेला कामगार, बरतर्फीनंतर वर्षाने गेलेल्या कामगारापेक्षा फार सुस्थितीत असतो.

येथवर वाचून कोणी म्हणेल की मग एवढे लोक हात हलवीत परत का येतात? त्याचे कारण १० एप्रिल २००६ चा उमादेवी निकाल. कर्नाटक राज्याच्या त्या प्रकरणात पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने म्हटले की सार्वजनिक नोकरी ही सर्व नागरिकांची समान मालमत्ता आहे. जाहिरात, स्पर्धा आणि निवड यांवाचून मागल्या दाराने आलेल्यास, तो कितीही वर्षे राबला तरी, कायम होण्याचा हक्क नाही. मंजूर पदावर दहा वर्षे काम केलेल्यांस एक वेळचा उपाय म्हणून नियमित करण्याची सवलत तेवढी ठेवली. त्यातील समतेचे तत्त्व मला मान्य आहे. परंतु मागले दार उघडणारा अंमलदार त्या निकालातून अलगद सुटला आणि त्या दारातून आत बोलाविलेल्या गरिबासच शिक्षा झाली, हेही खरे आहे. आणि त्याहून मोठा अनर्थ हा की अनेक कचेऱ्यांनी या निकालाचा अर्थ ‘रोजंदारीवाल्यास कोणताच हक्क नाही’ असा लावला, जो त्यात कोठेही नाही.

महाराष्ट्र राज्य मार्ग परिवहन महामंडळाच्या गाड्या धुणाऱ्या सफाई कामगारांनी हा गैरसमज दूर केला. ऑगस्ट २००९ मध्ये न्यायमूर्ती लोढा यांनी त्यांच्या प्रकरणात सांगितले की उमादेवी निकालाने १९७१ च्या अधिनियमाखालील न्यायालयांचे अधिकार हिरावून घेतलेले नाहीत. अनुचित प्रथा सिद्ध झाली आणि पदे उपलब्ध असली, तर ती न्यायालये कायमपणाचा आदेश देऊ शकतात. पदच नसेल तर मात्र नाही.

बेकायदा काढले हे सिद्ध झाल्यावर पदरात काय पडते, याबाबत मात्र काळ बदलला. पूर्वी पुनःस्थापना आणि मागील वेतन जवळजवळ आपोआप मिळे. २००९ साली हरियाणाच्या कृषी पणन मंडळातील, एका वर्षाहून कमी काळ राबलेल्या एका रोजंदारी कामगारास सर्वोच्च न्यायालयाने कामावर न घेता ५०,००० रुपये भरपाई दिली, आणि तेव्हापासून हा पायंडा पडत गेला. वर्षभराच्या सेवेस तो न्याय म्हणता येईल. वीस वर्षे राबलेल्या, वयाची पन्नाशी गाठलेल्या माणसाच्या हाती एकरकमी पैसे ठेवून त्यास घरी पाठविणे मला न्याय वाटत नाही. सुदैवाने न्यायालयाचा कल पुन्हा वळतो आहे. गाझियाबाद महानगरपालिकेच्या माळ्यांस २००५ साली नोटीस व भरपाई न देता काढले होते. जानेवारी २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यांस निम्म्या मागील वेतनासह कामावर परत घेण्यास सांगितले आणि उमादेवी निकाल शोषणाची ढाल म्हणून वापरता येणार नाही, असे बजावले. पण वीस वर्षे! त्या वीस वर्षांत त्या माळ्यांच्या मुलांची शाळेची वये निघून गेली.

२१ नोव्हेंबर २०२५ पासून औद्योगिक संबंध संहिता, २०२० अमलात आली आणि तिने १९४७ च्या अधिनियमाची जागा घेतली. नोटीस, पंधरा दिवसांची भरपाई, शेवटी आलेला आधी जाणे, हा गाभा तिने राखला आहे; पण शासनाच्या पूर्वपरवानगीची अट ज्या कारखान्यांस लागते त्यांची कामगारसंख्या शंभरावरून तीनशेवर नेली आहे, काढलेल्यास परत बोलाविण्याची जबाबदारी एका वर्षापुरती ठेवली आहे, आणि समेटासाठी जाण्याची मुदत तीनऐवजी दोन वर्षांची केली आहे.

चांदवडच्या माणसास ही दाद मागण्यासाठी नाशिकला जावे लागते. कामगार आयुक्तांची कचेरी, कामगार न्यायालय व औद्योगिक न्यायालय तेथेच आहेत. एका दिवसाचा रोज बुडवून आणि गाडीभाडे खर्चून केलेली ही खेप पुष्कळांस परवडत नाही, याची मला जाणीव आहे. म्हणून चार-सहाजणांनी मिळून, जमल्यास संघटनेच्या मार्फत जावे, आणि जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे मोफत वकिलासाठी अर्ज करावा, जो स्त्रियांस व अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींस उत्पन्नाची अट न लावता मिळतो. वाचकहो, तुमच्या शेजारच्या बाईस मुकादमाने ‘उद्यापासून येऊ नका’ म्हटले असेल, तर तिला त्याच रात्री वहीत तारीख, कामाची जागा आणि सोबतच्या दोघींची नावे लिहावयास, आणि दुसऱ्या दिवशी कामावर हजर होऊन खात्यास लेखी अर्ज देऊन त्याची पोच घ्यावयास सांगा, आणि कायद्यातल्या साऱ्या मुदतींपैकी सर्वांत आखूड, नव्वद दिवसांची, हीच आपली मुदत समजून चला. ती त्याच सायंकाळपासून सुरू झालेली असते.